किलोमीटर नऊ ते सतरा

नऊच्या दगडापासून सतराच्या दगडापर्यंत
रस्ता आमच्या बापाचा होता.
म्हणजे सरकारचा. पण मस्टरवर नाव
नागोराव सटवाजी, मैलकुली,
आणि हाताशी एक फावडं, एक घमेलं, डांबराचा अर्धा डबा.

दोन गाड्या समोरासमोर आल्या की
एकीनं साइडपट्टीवर उतरायचं.
कोण उतरतं त्यावरून माणूस ओळखावा, म्हणायचा.
उसाचा ट्रॅक्टर उतरत नाही,
त्याला गाण्यापुढं हॉर्नच ऐकू जात नाही.
सोनपेठची मुक्कामी गाडी उतरायची,
धूळ बसेपर्यंत थांबायची,
मग पदर सावरल्यासारखी वर चढायची.

काळ्या रानातला रस्ता सरळ राहत नसतो.
उन्हाळ्यात खालून भेगाळतो, श्रावणात फुगतो.
"काळी दम घेती," बाप म्हणायचा,
"आपुन निस्तं पांघरून नीट करायचं."
साहेबांनी हे कुठल्या वहीत लिहून घेतलं नाही.

दगड रंगवायचं काम उन्हाळ्यातलं.
डोकं हिरवं, अंग पांढरं, अक्षर काळं.
अक्षर त्याला येत नव्हतं;
जुनं रंगाखालून दिसायचं, त्यावरून ब्रश फिरवायचा,
झोपलेल्या माणसाच्या अंगावरून हात फिरवावा तसा.
एका साली तेराचा दगड पार कोरा निघाला.
मी तिसरीत होते. मी लिहिलं: सोनपेट.
अकरा वर्षं गाड्या सोनपेटला गेल्या.
कुणी चुकलं नाही.

दिवाळीच्या तोंडावर अर्धा रस्ता सोयाबीनचा.
कडेनं धोंडे मांडलेले, टोकाला उभी काठी,
काठीवर कुणाचं तरी फाटकं बनियन.
हटवायचा हुकूम होता त्याला.
तो सायकलीवरूनच ओरडायचा,
"कौसाबाई, वळणावर नगं. वळणावर तेवढं नगं."
आणि कौसाबाई शिव्या देत देत
खराट्यानं वळण मोकळं करायची.

मग पिवळं मशीन आलं.
लिंबांना नंबर पडले, दगड उपटले,
सिमेंट आलं, मधून पांढरी पट्टी आली.
बाप तोवर रिटायर.
तेराचा दगड आणायला गेले
तर तो नळीच्या भरावात गेलेला,
सोनपेट खाली, हिरवं डोकं खाली.

परवा त्याला स्कूटीवर मागं बसवून दवाखान्यात नेत होते.
"थांब," म्हणाला. उतरला.
सिमेंटला आडवी भेग पडली होती, करंगळीएवढी.
तिच्यात बोट घालून
बराच वेळ उकिडवा बसून राहिला.
"घेतला बघ दम," एवढंच.
मागून टिप्परवाला हॉर्न वाजवत होता.

पुढं वळणावर सोयाबीन.
कौसाबाईची सून असावी, डोक्याला टावेल.
हा बसल्या जागेवरून, घशात होता तेवढा आवाज काढून:
"वळणावर नगं, माय. वळणावर तेवढं नगं."

तिनं खराटा थांबवला.
"तुमी कोन व्हो?"

मला आरशात दिसलं,
बाप मागं वळून बघत होता,
जिथं तेराचा दगड असायचा तिकडं.