हिकरी फोर्कचं मतदान

आजचं हे सातवं चर्च.
बर्फ वितळून रस्त्याकडेला राखाडी चिखल झालाय,
आणि मी, इनॉस मात्सिकीती, अर्ध्या ओहायोचा बिशप,
गाडीतच बूट बदलतो,
कारण चिखलाच्या पायांनी कुणाचा निरोप घेऊ नये
असं आई म्हणते.

आत घडीच्या खुर्च्या, कॉफीची टाकी, मक्याचं सूप.
फुटून निघतानाही ही माणसं सूप करून आणतात.
चिठ्ठ्यांसाठी बिस्किटांचा डबा, झाकणाला सुरीने पाडलेली फट.

दोन्हीकडच्यांना वाटतं मी त्यांचाच.
हे म्हणतात, आफ्रिकेतला आहे, मनातून आपल्या बाजूचा.
ते म्हणतात, आफ्रिकेतला आहे,
दाराबाहेर उभं राहणं त्याला ठाऊक आहे.
मला कुणी विचारत नाही.
विचारलं असतं तर म्हणालो असतो,
भांडलेल्या दोन्ही भावांकडे मी जेवलोय,
मीठ सारखंच होतं.
नाही. हेही म्हणालो नसतो. हे फार गोड झालं.

रविवारी रात्री न्यांगाहून आईचा फोन येतो.
"तू कुठल्या बाजूला, इनॉस?"
मी इथल्या थंडीचं सांगतो.
"थंडीला बाजू नसते," ती म्हणते,
आणि वाट बघते.

जाण्याच्या एक्केचाळीस, राहण्याच्या एकोणीस,
एक कोरी.
कोरी मी उजेडात धरली:
पेन्सिलीने काही लिहून खोडलेलं होतं.

मग कागद. जमीन, छप्पर, दफनभूमी,
पियानोचा कागद वेगळा.
कलम नऊ: भिंतींवर जे आहे ते इमारतीबरोबर.
पेन अडलं. तळहातात चोळून शाई गरम केली
आणि सही केली.

तळघरात हात धुवायला गेलो
तर बॉयलरशेजारच्या भिंतीवर फोटो:
आमचे मिशन, ऱ्होडेशिया, १९११.
मधोमध टोप्या घातलेले पाद्री, नावानिशी.
कडेला बैलाची वेसण धरलेलं एक पोर.
खाली लिहिलंय: एक मुलगा.

त्याचं नाव मुसेकिवा.
आमच्या भाषेत, ज्याला लोक हसले तो.
डावा कान दुमडलेला, माझ्यासारखा.
माझा आजोबा.
हिकरी फोर्कच्या दानपेटीतून उभ्या राहिलेल्या शाळेत
त्यानं पाटीवर शंभर वेळा लिहिलं,
आपण सर्व मिळून एक शरीर आहोत,
आणि 'शरीर' चुकलं की छडी.

विमानतळावर मला विचारलं होतं,
येण्याचं कारण?
मी म्हणालो, तुम्हीच बोलावलं होतं.
त्याला कळलं नाही. त्यानं शिक्का मारला.

काचेवर पेन्सिल उमटत नाही.
म्हणून चौकटीखाली, चुन्यात लिहिलं: मुसेकिवा.
पंधरा मिनिटांपूर्वीच दुसऱ्यांची झालेली भिंत.
बिशपच्या हातून झालेली मोडतोड, असं कुणी म्हणेल.

वर जिन्याशी व्हर्ना स्टॅम्बॉ, नव्वदीची,
जाण्याच्या बाजूने सगळ्यात मोठ्यांदा बोललेली.
"शुक्रवारी गुडघ्याचं ऑपरेशन आहे, बिशप. प्रार्थना करा."
सांगता आलं असतं, बाई, मी आता तुमचा कुणी नाही.
तिच्या डोक्यावर हात ठेवला.
केस विरळ, टाळू ऊबदार.
शोनात सुरू केलं, इंग्रजीत अडखळलो,
मध्ये काही वेळ नुसताच उभा.
तिनं घाईघाईनं आमेन म्हटलं,
बस निघायची असावी तसं.

गाडीत मागच्या सीटवर कुणीतरी सूप ठेवलेलं.
आठव्या चर्चच्या वळणापर्यंत ते कोमट होतं.
डब्याच्या झाकणावर चिकटपट्टी,
थरथरत्या अक्षरात:
डबा परत आणून द्यावा. स्टॅम्बॉ.