सत्तावीस रुपये

अकरा दिवस सत्तावीस रुपये सापडत नव्हते.
पणजीच्या पतसंस्थेत, मागच्या खोलीत,
जिथे भर दुपारीसुद्धा ट्यूबलाइट लागते,
मी तीच पानं उलटत होते.
सावर्डेकर म्हणाले, खिशातून टाका आणि मोकळ्या व्हा.
पण सत्तावीस रुपयांचा प्रश्न नव्हता.
आमटीत मीठ दोनदा पडू लागलं होतं,
मुलाला हाक मारताना त्याचं नाव
जिभेवर अडायचं.

बाराव्या दिवशी घरची बस सोडून
रायबंदरला फेरीत चढले. का, ते विचारू नका.
चोडणला उतरून बांधावरून चालत राहिले,
चिखलाने चपलांना चालू दिलं तिथवर.
मग चपला हातात.

एका अंगाला खाडी, एका अंगाला खाजन,
मध्ये माणूसभर रुंद माती.
एक कुर्ली बिळाच्या तोंडाशी आली,
मला पाहून आत गेली, परत आली,
हिच्यात भिण्यासारखं काही नाही असं ठरवून
कामाला लागली.

रुजार लाकडी दाराशी जाळं बांधत होता.
"हें मानस," म्हणाला, मी न विचारताच.
भरती आली की खाडीच ढकलून मिटते त्याला,
ओहोटी लागली की आतलं पाणीच उघडतं.
मग तू काय करतोस?
"हांव राखतां."

मानस.
आम्ही हा शब्द छातीत कुठेतरी ठेवतो.
इथे तो फळ्यांचा आहे,
कडेला शेवाळ, खाली कालवं चिकटलेली.

बसले. काहीच मोजलं नाही.
म्हणजे आधी बगळे मोजले, सवयीने. सात.
तीन उडाले, पाच नवे आले, तेव्हा नाद सोडला.

पाणी उतरायला लागलं.
दार कुरकुरलं, बोटभर फटीतून
आतलं गढूळ घाईने बाहेर पडलं,
मग रुंद, मग आवाज न करता.
आणि कुणी न बोलावता डोळ्यांपुढे आली
जानेवारीची एक पावती, निळ्या शाईची:
६३च्या जागी ३६.
तेच दोघे. तिथे समोरासमोर बसलेले,
माझ्या वहीत पाठ फिरवून.
फरकाला नवाने भाग जातो, तेव्हाच कळायला हवं होतं.
नव्या मुलींना हे मीच शिकवते.

हसले, तर रुजारने वळून पाहिलं.
"मेळ्ळें?"
त्याला वाटलं, माझं काही पडलं होतं चिखलात.
म्हटलं, हो.

निघताना मूठभर सुंगटं दिली त्याने, पानात बांधून.
फेरीच्या कठड्याला टेकून मुलाला फोन लावला.
नाव पहिल्याच खेपेला आलं.