विधिमंडळाचा हेतू

गांगुर्डेसाहेब आधी आमदार होते, दिंडोरीकडचे.
मग खादी उतरली, काळा कोट चढला,
आणि सीबीएसजवळच्या आमच्या कोर्टात
पहिल्याच दिवशी त्यांनी पंखा बंद करायला लावला:
"साक्षीदाराचा आवाज ऐकू येत नाही."

मी स्टेनो. तेरा वर्षं त्यांचे शब्द टिपले.
मतदारसंघातली माणसं द्राक्षांच्या पेट्या घेऊन यायची,
शिपाई दारातूनच वाटेला लावायचा.
एक म्हातारा भर कोर्टात ओरडला होता,
"पुंजा, मत दिलंय तुला!"
साहेबांनी पुढची तारीख दिली.

आणि ती कालव्याच्या पाण्याची केस.
कलम नऊ. वकील म्हणाले,
"इथे 'किंवा' घालण्यामागे
विधिमंडळाचा हेतू काय असावा?"

साहेब बराच वेळ खिडकीबाहेर बघत राहिले.

त्या रात्री नागपुरात जेवणाची वेळ टळून गेली होती.
विधेयक कुणी वाचलंच नव्हतं.
'होय'चं बहुमत झालं,
त्यातला एक होय यांचा.
हे मला नंतर जिन्यात सांगितलं,
कठडा धरून.

निकालात एवढंच आलं:
हेतू शब्दांतूनच शोधावा लागेल.
मी टाइप केलं.
'किंवा' त्यांनी दोनदा तपासून घेतला.
मग म्हणाले, पंखा लाव.