हजेरीचा रकाना

उपासनेच्या वहीत चार रकाने असतात:
तारीख, वेळ, हजेरी, शेरा.
पाळकाचं आयुष्य एवढ्यात मावावं अशी अपेक्षा असते,
आणि विल्फ्रेड डाउस यांचं बहुतेक मावलंही.

एकतीस साली ते थॉर्नफ्लीटला आले,
एक सायकल, पुस्तकांच्या तीन पेट्या
आणि दमट हवा न सोसणारी छाती घेऊन.
पहिल्या रविवारी हजेरी त्रेसष्ट.
शेरा: वारा. माझंच बोलणं मला ऐकू आलं नाही.

बोलताना अडखळायचे.
म्हणून प्रवचन सात मिनिटांत आटपायचे,
म्हणून बटाटे पिकवणाऱ्यांना फार आवडायचे.
दफनाच्या वेळी मात्र जीभ कधी अडली नाही.
आई म्हणायची,
मेलेल्या माणसाला घाई नसते ना,
त्याच्याशी बोलणं सोपं.

एकदा बिशपांचं पत्र आलं होतं.
कॅथीड्रलमध्ये जागा, पगार बरा,
घरात नळाला गरम पाणी.
ते मला याच वहीत सापडलं;
मागच्या कोऱ्या बाजूवर पेन्सिलीने हिशेब:
छपराचं शिसं, मेणबत्त्या,
ग्रमिटबाईंच्या कोळशाची उधारी.
उत्तर धाडलं की नाही, कुणास ठाऊक.

मग त्रेपन्नचा जानेवारी.
शनिवारी रात्री समुद्र बांध ओलांडून
थेट स्वयंपाकघरांत शिरला.
चर्च तेवढं उंचवट्यावर.
डाउस रात्रभर घंटेचा दोर ओढत राहिले,
तळहातांची सालं निघाली तरी.
अंधारात आवाजाचा माग काढत माणसं आली,
ओली, कुणाच्या काखेत कोंबडी,
कुणी भिंतीवरचं घड्याळ छातीशी धरलेलं.

सात जण आले नाहीत.
धाकटे दोन ग्रमिट. बांधावरचा इनॉक ब्लेड्स.
म्हातारी केझाया, तिची बहीण,
आणि रॉब स्टॅम्प, बायकोला आणायला परत गेलेला.
आणि बायको.

पुढच्या रविवारी मी गॅलरीतून डोकी मोजली.
बाबा वॉर्डन, म्हणून ते काम माझं; वय नऊ.
चव्वेचाळीस, मी सांगितलं.
त्यांनी लिहिलं एक्कावन्न.
चुकलं, मी म्हटलं.
पट्ट्या बांधलेल्या हाताने त्यांनी टीपकागद दाबला.
"ते उ... उशिरा येतील."

त्यानंतर एकवीस वर्षं तसंच.
एकोणचाळीस असलो तर शेहेचाळीस,
बर्फ पडून पाचच आलो तर बारा.
आर्चडीकन तपासणीला आले,
द्राक्षारसाचा खर्च आणि डोकी जुळेनात.
त्या दिवशीचा शेरा:
आर्चडीकन येऊन गेले. केक बरा झाला होता.

शेवटी त्यांना आत, समुद्रापासून लांब,
वृद्धांच्या घरी ठेवलं.
मी गेले तेव्हा त्यांनी मला ओळखलं नाही.
नर्स म्हणाली, झोपेत दोन्ही हात वर नेतात
आणि खाली ओढतात,
वर नेतात आणि खाली ओढतात.
कशासाठी ते तिने विचारलं.
मी सांगितलं नाही. बस चुकली असती.

आज थॉर्नफ्लीटची शेवटची उपासना.
इमारत कुणी सुट्टीच्या घरासाठी घेतंय;
वेदीच्या जागी चूल येणार म्हणे.
पाहुणी पाळकीणबाई तरुण, पुढच्या गावी निघालेली,
वही माझ्याकडे सरकवून म्हणाली, तुम्हीच भरा.

आम्ही चौघं होतो.
दार वाऱ्याने दोनदा उघडलं होतं.
मी आकडा लिहिला,
आणि शाई वाळेपर्यंत
वही मिटली नाही.