मिठाची पुडी

दुसऱ्या पाळीतून सुटतो साडेअकराला.
अंबडच्या गेटवर कटिंग, मग पाथर्डी फाटा, मग घर.
भाचा जागाच असतो. म्हणतो, मामा, तेरावा आला.
बारावा अजून अर्धा पडलाय आपला,
तोवर तेरावा.

मी चौथ्यापासूनचा माणूस.
चौथा खेळलो शालिमारला, मुस्तकीमच्या कॅफेत,
तासाला वीस रुपये, दोघांत एक खुर्ची,
आणि सीडीवर मार्करनं
स्पेलिंग चुकवून लिहिलेलं : वेलमोर.
खोक्यात म्हणे नकाशा यायचा.
आम्हाला कुठलं खोकं?
जर्नलच्या कोऱ्या बाजूवर मीच काढला,
डोंगर पांडवलेण्यांसारखे, कारण मला डोंगर तसेच येतात,
आणि नदीला नाव सुचेना तेव्हा लिहिलं गंगा,
आपण गोदेला म्हणतो तसं, सवयीनं.

त्या नदीवर एक नावाडी होता. तोर्बेल.
राजाचा हरवलेला मुलगा नाही, जादूगार नाही,
चार चौकोनांची दाढी आणि पुढे केलेला हात.
म्हणाला, डोंगरामागच्या गावातून मीठ आण,
मग सोडतो पलीकडे.
आणलं मी. पण परत येऊन
धक्क्यावर पाऊल टाकलं की चित्र गोठायचं.
सीडीवर ओरखडा.
फुंकर मारली, शर्टाला पुसली,
मुस्तकीमनं कोलगेटसुद्धा चोळली तिच्यावर.
सतरा वेळा गेलो त्या धक्क्याशी.
सतराही वेळा तो तसाच, हात पुढे,
आणि पुडी माझ्या पिशवीत.

मग बारावी, आयटीआय, टर्नरचा ट्रेड.
कॅफेच्या जागी मोबाईलच्या कव्हरांचं दुकान.

आता तेराव्यात गवत हलतं.
खरंच हलतं, पातं न् पातं, वारा येईल त्या बाजूनं.
घोड्याच्या नाकातून वाफ निघते
निफाडच्या जानेवारीसारखी.
वाट कुणाला विचारायची नाही, पायाशी सोनेरी रेघ उमटते
आणि चुकूच देत नाही.
प्रणितला हे बरं वाटतं. मला बोट धरून नेल्यासारखं.
तरी खोटं कशाला बोलू,
पहिल्यांदा त्यातलं पाणी बघितलं
तेव्हा हातातला ग्लास खाली ठेवायचा राहिला.

गोष्टीत तीनशे वर्षं लोटलीत.
राज्यं बुडाली, गावांची नावं बदलली,
पण नदीचं वळण मी ओळखलं. हातानं काढलंय ते.
म्हटलं, रेघ सोड. डावीकडे घे.
तिकडे काही नाही मामा, मेन क्वेस्ट वर आहे.
घे तर.

धक्का होता. निम्मा पाण्यात.
एक मुलगी दोर वळत बसलेली,
मागे दगड, दगडावर शेवाळ, शेवाळाखाली नाव.
म्हणाली, आमच्यात रीत आहे,
पलीकडे जाणाऱ्यानं मीठ आणायचं.
का, ते ठाऊक नाही.
पणज्याचा पणजा कुणाची तरी वाट बघत होता म्हणतात.

कुठल्या देशात, कुठल्या टेबलाशी बसून
कुणी लिहिलं असेल हे?
माझी सीडी तर चोरीची.
त्यांच्या वहीत मी गिऱ्हाईक म्हणूनही नव्हतो.

साइड क्वेस्ट आहे, सोड, प्रणित म्हणाला, काही मिळत नाही.
मी कंट्रोलर त्याच्याकडून घेतला.
बोटं लेथवरची, जाड. बटणं बारीक.
तीनदा नदीत पडलो, एकदा लांडग्यांनी खाल्लं,
प्रणित उशीत तोंड खुपसून हसला
आणि तसाच झोपला.

दोन वाजून दहा मिनिटं.
पुडी पिशवीत. धक्का समोर.
पाऊल टाकताना श्वास धरला मी,
चाळिशीतला माणूस, युनिफॉर्म अजून अंगावर.

चित्र हललं.

मुलीनं मीठ घेतलं, चिमूटभर दगडावर ठेवलं,
उरलेलं डब्यात टाकलं, आणि नाव सोडली.
बक्षीस : तांब्याची तीन नाणी, एक जुनं वल्हं.
वल्ह्याचा पुढे काही उपयोग नाही म्हणे.
सकाळी प्रणित सांगेल, विकून टाक.
नाही विकणार.

पाणी प्यायला स्वयंपाकघरात गेलो
तर ओट्यावर बरणी, उघडी, तळाशी चार खडे.
वैजयंता कालपासून तीनदा म्हणाली होती,
येताना मीठ आण.