ओठ

चार आण्यांच्या बाकावर, पडद्याच्या पायाशी,
मी जन्माचा बहिरा.
पेटीवाला, तबलजी, सोड्याच्या बाटल्या फोडणारी पोरं
मला सगळं सारखंच.

बाबल पेडणेकर अकरा चित्रांत होता.
आठ वेळा मेला:
कड्यावरून, विषाने, एकदा हत्तीच्या पायाखाली.
नाव पडद्यावर एकदाच आलं,
तेही 'पेंढारकर' असं.

पाटी म्हणायची, 'माते, निरोप दे!'
शेजारच्या बाया पदर डोळ्यांना लावायच्या
आणि मी हसत सुटायचो,
कारण ओठ म्हणत होते,
'मेल्यांनू, पाठीक खडो टोचता, आटपा रे.'
माझी आई वेंगुर्ल्याची,
त्या बोलीतले ओठ मला पाठ.
विषाचा पेला तोंडाला लावताना
त्याने बांगड्याचा भाव सांगितला,
ससून डॉकातला.

शेवटच्या चित्रात मात्र
तलवार पोटात, मान कलंडलेली,
आणि ओठांवर एका बाईचं नाव.
पाटीत नव्हतं ते.
मी कुणाला सांगितलं नाही.

मग पडदा बोलू लागला.
लोक कान देऊन बसले,
नट पाठ फिरवून गाऊ लागले.
त्याचं काम गेलं.
माझंही.

सहा वर्षांनी तो दिसला
खेतवाडीत, लाँड्रीत, इस्त्री फिरवताना.
मी त्याच्या हिशेबाच्या पाटीवर
खडूने ते नाव लिहिलं.
बघतच राहिला.
कॉलर जळल्याचा वास आला
तेव्हा कुठे इस्त्री उचलली.

मग माझ्याकडे तोंड करून, सावकाश,
बहुधा आवाज न काढता,
काहीतरी बोलला.

शर्टाचे दोन आणे घेतले नाहीत.