मुरी

बरणीवर लेबल: राम नदी, भुकूम, मार्च एकसष्ट.
शाई पिवळी पडलीय, मासा पांढरा.
फॉर्मॅलिन आधी रंग खातं,
उरेल त्याला आपण नमुना म्हणतो.

काचेवर बोट ठेवून मोजतो: मिशा सहा.
पट्टे आता मोजता येत नाहीत.
रजिस्टरात अकरा लिहिलेत, सही वि. ग. टिल्लू.
लांबी दोन इंच. पोटात वाळू, डासांच्या अळ्या,
आणि पुढे एक शब्द खोडलेला.

रविवारी बसने गेलो.
पुलाखाली दुधाच्या पिशव्या, गादीचा कापूस, फेस.
फेस संपेपर्यंत वर चालत राहिलो.
तिथे इठाबाई भोई गुडघाभर पाण्यात, ओचा खोचून.
म्हटलं, मुरी मिळते का इथे?
"मिळत न्हाई," ती म्हणाली. "आसती."
आणि दगड उचलला
भातावरचं झाकण उचलावं तसा.

काहीच नाही. वाळू जरा हलली.
मग वाळूला डोळे आले.

धारेकडे तोंड, छातीचे पर खडीत रोवलेले,
सगळी नदी अंगावरून जाऊ देत
ती होती तिथेच.
पट्टे मोजले, नऊ झाले.
दोन शेपटाकडे सावलीत असतील,
किंवा टिल्लू चुकले.

इठाबाईनं दगड परत ठेवला,
जरा फिरवून, पुन्हा फिरवून.
"शेवाळाची बाजू वर पायजे," म्हणाली,
आणि हात पदराला पुसले.

सोमवारी रजिस्टर उघडलं.
नमुना: आणला नाही.
पट्टे: नऊ, बहुतेक.